डॉक्टरांची डावी बाजू

आमचे डॉक्टर कुणालाही "कसे आहात?" असं विचारत नसत. समोर आलेल्या माणसाच्या तोंडाकडे टक लावून बघत आणि म्हणत, "हसा बघू."

दापोलीत असं एकदम हसायला सांगितलं की माणूस आधी मागे वळून बघतो, आपल्या पाठीमागे कोण उभं आहे म्हणून. मग ओशाळवाणं हसतो. डॉक्टरांना तेवढं पुरे असायचं. ओठांची दोन्ही टोकं सारखी वर गेली की ते "ठीक" म्हणायचे आणि कामाच्या बोलण्याला लागायचे. लग्नात नवऱ्यामुलाच्या आजोबांना त्यांनी दोन्ही हात वर करायला लावलेले मी पाहिले आहेत. मांडवातल्या लोकांना वाटलं, आजोबा आशीर्वाद देतायत. कृषी विद्यापीठातले एक प्राध्यापक तर त्यांना लांबून बघूनच दात दाखवायचे आणि रस्ता ओलांडून पलीकडे जायचे. गावातल्या पोरांनी त्यांचं नाव 'दात-दाखव डॉक्टर' ठेवलं होतं. त्यामुळे दाढदुखीचे लोक चुकून आमच्याकडे यायचे ते वेगळेच.

स्वतः मात्र ते कधी हसत नसत. मी त्यांच्या हाताखाली कितीतरी वर्षं काढली, पण त्यांचे दात कसे आहेत ते मला माहीत नव्हतं.

हॉस्पिटल लहान होतं. खाली ओपीडी, वर दोन वॉर्ड, मागच्या बाजूला डॉक्टरांचं घर, घराभोवती पोफळी आणि त्यांच्यावर चढवलेल्या पानवेली. मी आयुर्वेदाची पदवी घेऊन तिथे लागले. अशा हॉस्पिटलांमधून वॉर्ड सांभाळतो ते आम्हीच. डॉक्टर पहिल्या दिवसापासून मला 'वैद्यबाई' म्हणाले, आणि त्यात टिंगल होती की मान होता ते मला शेवटपर्यंत कळलं नाही.

सगळी दुखणी ते बघायचे, पण जीव होता तो अर्धांगावर. पक्षाघात, लकवा, वारं गेलं. लोक काहीही म्हणोत, माणसाच्या मेंदूतली रक्ताची वाट बुजली किंवा फुटली की त्याला किती लवकर ओळखता येतं आणि किती नुकसान झालंय ते कसं मोजायचं, याचं त्यांना वेड होतं. "तोंड, हात, बोलणं आणि घड्याळ," असं ते जपासारखं म्हणायचे. "पहिली तीन बघायची आणि चौथ्याकडे बघून पळत सुटायचं." नाकाला कांदा लावणारे, कबुतराचं रक्त चोळणारे, तोंड वाकडं झालेल्या माणसाच्या घशात पाणी ओतणारे, या सगळ्यांवर त्यांचा राग होता, पण सर्वांत जास्त राग होता तो 'जरा पडू दे' या तीन शब्दांवर. म्हणायचे, "आपल्याकडे माणसं अर्धांगानं मरत नाहीत. 'जरा पडू दे' नं मरतात. सकाळी हात लुळा पडतो, घरचे म्हणतात, जरा पडू दे, उठल्यावर बघू. उठतोय कशाला!"

हे वेड कशातून आलं याच्या गावात पुष्कळ गोष्टी होत्या. त्यांची आई अशीच गेली, भाऊ अंथरुणाला खिळला, असं लोक सांगायचे. मी एकदा काकूंना विचारलं. काकू म्हणजे डॉक्टरांच्या बायको. बारीक अंगाच्या, कमी बोलणाऱ्या. त्या अळूची पानं निवडत होत्या. म्हणाल्या, "छे गं. सासूबाई म्हातारपणीसुद्धा कोयतीनं शहाळी फोडायच्या. तसं काही नाही. एकेकाला एकेक गोष्ट लागते. कुणाला पत्ते लागतात, यांना हे लागलं."

आमच्याकडे स्कॅनचं मशीन नव्हतं. गुठळी आहे की रक्तस्राव, हे स्कॅन केल्याशिवाय कळत नाही, आणि ते कळल्याशिवाय गुठळी विरघळवायचं इंजेक्शन देता येत नाही. रक्तस्राव असेल तर तेच इंजेक्शन माणसाला मारतं. शिवाय ते झटका आल्यापासून साडेचार तासांच्या आत द्यावं लागतं. म्हणजे माणसाला ओळखायचं, गाडीत घालायचं, घाट उतरून खेड, तिथून महामार्गानं चिपळूण. वाड्यावस्त्यांवरून दापोलीला यायलाच माणसाचा अर्धा दिवस जातो. तरी डॉक्टर हरायला तयार नसत.

रिकाम्या वेळी ते एसटी स्टँडवर जाऊन बसायचे. बाजारच्या दिवशी हमखास. "माझी खरी ओपीडी तिथे आहे," म्हणायचे. गाडीची वाट बघणाऱ्या माणसांची तोंडं न्याहाळत बसायचं, एवढंच काम. एकदा दाभोळच्या गाडीत खिडकीशी बसलेला एक म्हातारा चहा पीत होता आणि चहा त्याच्या तोंडाच्या डाव्या कोपऱ्यातून सदऱ्यावर गळत होता. गाडी सुटत होती. डॉक्टर दोन्ही हात पसरून गाडीच्या पुढ्यात उभे राहिले आणि ओरडले, "हात वर करा! हात वर!"

निम्म्या गाडीनं हात वर केले. कंडक्टर दारातून ओरडला, "दरोडा घालताय काय ओ?"

डॉक्टर आत चढले. म्हाताऱ्याला हसवलं, तोंड वाकडं. हात उचलायला लावले, दोन्ही हात व्यवस्थित वर. बोलायला लावलं तर तो चिडून बोबडं बोलला, "आत्ता दाल काढून आलोय. सुई मारल्यान हाय तोंडात." दातांच्या डॉक्टरनं त्याचा अर्धा जबडा बधिर करून सोडला होता.

स्टँड किती दिवस हसत होता ते विचारू नका. मीही हसले. डॉक्टरांना त्याचं काही वाटलं नाही. म्हणाले, "बरं झालं. आता सबंध स्टँडाला ठाऊक झालं ना, तोंड वाकडं दिसलं की हात वर करायला लावायचे?"

आणि तसंच झालं. पुढच्या पावसाळ्यात, म्हणजे सगळे विसरले असं मला वाटत असताना, तोच कंडक्टर अख्खी भरलेली गाडी वळवून आमच्या दारात घेऊन आला. चिखलातून एका म्हातारीला त्यानं आणि तिच्या सुनेनं उचलून आणलं. "बघा ओ डॉक्टर," कंडक्टर म्हणाला, "हसवली, हात वर करायला लावले. उजवा खाली पडतोय."

सून म्हणाली, "आये धड बोलत नाय ओ. मगापासना असंच करतंय."

ॲम्ब्युलन्स काढायला सांगून डॉक्टर मोजायला बसले. झटक्याची तीव्रता मोजायची एक जगभरची रीत आहे. महिना कुठला, वय काय, डोळे मिटा, मूठ वळा. हात सरळ धरून ठेवा, पाय उचला. बोट नाकाला लावा. टोचलेलं दोन्हीकडे सारखं लागतंय का. मग एका छापील कागदावरच्या वस्तूंची नावं सांगा, एका चित्रात काय चाललंय ते सांगा. चुकेल तिथे गुण द्यायचे. शून्य म्हणजे उत्तम, बेचाळीस म्हणजे संपलंच. म्हातारीचा हात थोडा पडत होता, तोंड थोडं वाकडं होतं. पण कागद समोर आल्यावर ती नुसती बघत राहिली. कागदावर हातमोजा होता, निवडुंग होता, झुला होता, पक्ष्याचं पीस होतं. ती "खुर्ची" म्हणाली, "चावी" म्हणाली आणि गप्प झाली. चित्रात कुठल्याशा परदेशातलं स्वयंपाकघर होतं, झगा घातलेली बाई होती. म्हातारीनं ते बघितलं आणि तोंड फिरवलं.

डॉक्टरांनी वाचा गेल्याचे गुण लिहायला पेन उचललं आणि ते तसेच थांबले. मला म्हणाले, "वैद्यबाई, काकूंच्या स्वयंपाकघरातलं हाताला लागेल ते घेऊन या."

मी धावत जाऊन टोपलीभर वस्तू आणल्या. तांदूळ धुवायची टोपली, डाव, नारळाची कवटी, डॉक्टर एकेक वर धरत गेले. म्हातारीची जीभ जड होती, शब्द ओढत येत होते, पण आले. "रोवली. डवला. करवटी." कोयती बघून ती म्हणाली, "बोथाट हाय."

डॉक्टर माझ्याकडे वळले. त्यांचे डोळे रागानं लाल झाले होते. "बोलणं शाबूत आहे हिचं. मी हिला मुकी ठरवणार होतो. हातमोजा! या बाईनं आयुष्यात हातमोजा कशाला बघावा?"

म्हातारी वेळेत चिपळूणला पोचली. पुढे ती काठी टेकत आमच्याकडे तपासायला यायची. त्यानंतर डॉक्टर गणपतीच्या कारखान्यातल्या एका रंगाऱ्याकडे गेले आणि त्याच्याकडून स्वतःला हवं तसं चित्र काढून घेतलं. उजवीकडे चूल, तिच्यावरचं पेजेचं मडकं उतू जातंय. मधे दारात उभी राहून शेजारणीशी बोलणारी बाई. डावीकडे उघडी विळी आणि तिच्या रोखानं रांगत निघालेलं तान्हं मूल. ते चित्र पुढे केलं की कुठल्याही वाडीवरची बाई आधी किंचाळायची, "अगो, पोर विळीवर जायल!" तेवढ्यात डॉक्टरांना हवं ते सगळं कळायचं.

गुणांचं एक प्रकरण मात्र मला अजून आठवलं तरी कसंसं होतं. वॉर्डातल्या एका शेतकऱ्याचा मुलगा मुंबईहून रातोरात आला होता. डॉक्टर फेरीला आले की मला मोठ्यानं आकडा सांगायचे आणि मी लिहून घ्यायचे. आदल्या दिवशी नऊ होते, त्या दिवशी सोळा. आम्ही पुढच्या खाटेकडे गेलो. जरा वेळानं तो मुलगा पेढ्यांचा पुडा घेऊन आला. "डॉक्टर, सोळावर गेले ना बाबा! तोंड गोड करा." डॉक्टरांनी पेढा हातात घेतला. मग त्या मुलाच्या खांद्यावर हात ठेवून त्याला जिन्यात घेऊन गेले. खाली काय बोलले ते मला ऐकू आलं नाही. मुलगा परत वर आला तेव्हा पुडा त्याच्या हातात नव्हता. त्याचा बाप दुसऱ्या दिवशी गेला. त्यानंतर डॉक्टरांनी घरच्या माणसांसमोर आकडा कधी उच्चारला नाही. कागदावर लिहून माझ्यासमोर सरकवायचे.

त्या मोजमापावरही त्यांचा पूर्ण विश्वास नव्हता. मला नेहमी सांगायचे, "हे माप बोलणाऱ्याला फसतं. डाव्या मेंदूला मार बसला की वाचा जाते, गुण भराभर वाढतात, सगळे घाबरतात. उजव्या मेंदूला तेवढाच मार बसला तर माणूस बोलत राहतो. गुण कमी दिसतात. घरचे म्हणतात, बोलतायत ना, मग काय झालंय? आणि सगळ्यांत वाईट म्हणजे त्या माणसालाच वाटतं, आपल्याला काही झालेलं नाही. त्याची डावी बाजू त्याच्या जगातूनच पुसली जाते. त्याला विचारायचं नाही, वैद्यबाई. त्याचं ऐकायचं नाही."

हे त्यांनी मला सांगितलं होतं. एकदा नाही, अनेकदा.

माघातली सकाळ होती. मी ओपीडीत नुकती येऊन बसले होते. काकू मागच्या दारानं आल्या. एरवी त्या हॉस्पिटलात पाऊल टाकत नसत. म्हणाल्या, "जरा येतेस? हे काहीतरी विचित्र करतायत."

डॉक्टर ओटीवर टेबलाशी बसले होते. समोर घावनांची ताटली. उजवीकडची घावनं संपली होती, डावीकडची तशीच होती. ते रागावले होते. "दोनच घावनं करायची होती तर बसवलंत कशाला? आणि चटणी कुठाय?" चटणी ताटलीच्या डाव्या कडेला होती. डावा हात मांडीवरून घसरून खुर्चीच्या बाजूला लोंबत होता. बोलणं जरा जड होतं, पण शब्द सगळे जागेवर.

मी त्यांच्या समोर जाऊन उभी राहिले. म्हटलं, "सर, हसा बघू."

त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, की हातातलं काम टाकून मी हे काय चालवलंय. मग बहुधा माझी समजूत काढायला म्हणून ते हसले. त्यांचे दात मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिले, तेही फक्त उजवीकडचे.

"दोन्ही हात वर करा, सर."

उजवा हात वर गेला.

"डावा?"

"केलाय की वर."

"कुठाय, सर?"

"डोळे तपासून घ्या, वैद्यबाई," ते म्हणाले. "दोन्ही वर आहेत."

मी ओपीडीतून चित्र आणवलं. का आणवलं ते मला सांगता येणार नाही. माझं निदान चुकलेलं निघेल अशी आशा असावी. त्यांनी ते उजव्या हातात धरलं. "पेज उतू जातेय. बाई बोलतेय कुणाशी तरी."

"आणि मूल?"

"कुठलं मूल?" ते म्हणाले. "यात मूल नाही."

काकूंनी तोंडावर पदर धरला. मी त्यांना बाजूला घेऊन विचारलं, शेवटचे धड कधी पाहिलेत? त्या म्हणाल्या, सकाळी उठून पानवेलीला पाणी घालून आले, दूधवाल्याशी बोलले, तोपर्यंत सगळं ठीक होतं. म्हणजे वेळ हातात होती. मी ॲम्ब्युलन्सच्या दिनेशला हाक मारली.

पण डॉक्टर उठेनात. "मला काही झालेलं नाही. ओपीडीत माणसं खोळंबलीत आणि तुम्ही नाटकं कसली करताय?" दिनेश स्ट्रेचर घेऊन आला, तर त्याच्यावर असे ओरडले की तो दाराबाहेर जाऊन उभा राहिला. बारा महिने ज्यांचा शब्द झेलायचा त्यांना उचलून गाडीत घालायचं, हे त्याच्या हाताला जमेना. मी काकूंना म्हटलं, "तुम्ही सांगा त्यांना." काकू पुढे गेल्या. "अहो, ही म्हणतेय तर जाऊन येऊ या ना."

"मला यातलं कळतं की तिला?"

काकू माझ्याकडे बघून हळूच म्हणाल्या, "ते म्हणतायत काही नाही, तर... आपण जरा थांबून बघू या का? बोलतायत तर नीट." आयुष्यभर त्यांनी नवऱ्याचं ऐकलं होतं. अर्धांगाच्या बाबतीत तर त्यांच्यापेक्षा जास्त कळणारं माणूस त्यांनी पाहिलंच नव्हतं.

असा किती वेळ गेला! मी समजावत होते, डॉक्टर धुडकावत होते, काकू कधी त्यांच्या बाजूनं तर कधी माझ्या. तासभर तरी गेला असेल. शेवटी मला सुचलं ते मी बोलले.

"सर, एक पेशंट न्यायचाय चिपळूणला. अर्धांगाचा. घाटात बरोबर कुणीतरी डॉक्टर हवा."

ते एकदम बदलले. "मग मघापासून बोलत काय उभ्या आहात? वेळ किती झाली? चला." आणि उठायला गेले. डावा पाय होताच कुठे! मी आणि दिनेशनं त्यांना वरच्यावर धरलं. "पायाला मुंग्या आल्यात," ते म्हणाले. आम्ही त्यांना गाडीत नेलं, स्ट्रेचरवर टेकवून बसवलं, पट्टे बांधले. त्यांनी विरोध केला नाही. पेशंटला न्यायचं होतं.

घाट लागला. मी त्यांच्या समोर, काकू पायांशी. गाडी वळणाला कलली तसा त्यांचा डावा हात सुटून त्यांच्या पोटावर आला. त्यांनी तो उजव्या हातानं धरला. बराच वेळ चाचपून बघितला. नाडी बघितली. बोटं उघडून सोडली, मनगट उचलून सोडलं.

"यांचा हात गार पडलाय," ते म्हणाले. "पांघरूण घाला यांना."

मला वाटलं आपण चुकीचं ऐकलं. त्यांनी परत तो हात उचलून मला दाखवला. "बघा. पूर्ण लुळा. जराही ताकद नाही. डावी बाजू गेलीय म्हणजे उजवा मेंदू. मोठा दिसतोय झटका. किती वाजता सुरू झालं?"

मी वेळ सांगितली.

"आणि आत्ता निघालात?" त्यांचा आवाज चढला. "घरचे काय करत होते? कोण आहे यांच्याबरोबर?"

काकू खाली बघत होत्या.

"जरा पडू दे म्हणाले असतील," डॉक्टर कडवटपणे म्हणाले. मग बराच वेळ तो हात मांडीवर घेऊन, त्यावर थोपटल्यासारखं करत बसले. भरणे नाक्याशी गाडी महामार्गाला लागली तेव्हा माझ्याकडे वाकून आवाज खाली आणून म्हणाले, "वाचतील हे. पण पूर्वीसारखे होणार नाहीत. यांच्या बायकोला नीट समजावून सांगा. खोटी आशा दाखवू नका."

काकूंनी ते ऐकलं. एवढ्याशा गाडीत न ऐकायला जागा कुठे होती?

चिपळूणला स्कॅन झालं. गुठळी होती, मोठी. इंजेक्शन अगदी काठावर मिळालं. तिथल्या तरुण डॉक्टरनं मला सांगितलं, "स्कोअर तसा फार नाही, मॅडम. बोलतायत छान." मी मान हलवली.

डॉक्टर वाचले आणि पूर्वीसारखे झाले नाहीत. त्यांचं निदान क्वचितच चुकायचं.

घरी आल्यावर कित्येक आठवडे त्यांना आपल्याला काही झालंय हेच मान्य नव्हतं. उजवा गाल स्वतः गुळगुळीत करायचे आणि डाव्या गालाची दाढी तशीच वाढलेली असायची. चालत का नाही असं विचारलं तर म्हणायचे, "कंटाळा आलाय. उद्यापासून ओपीडीत बसतो." रोज सकाळी मला विचारायचे, "कालचा तो अर्धांगाचा पेशंट कसा आहे?" मी म्हणायचे, "आहे, सर." रोज तेच. त्या प्रश्नाची मला इतकी भीती बसली होती की मी मागच्या दारानं जायचं टाळू लागले.

व्यायाम शिकवायला येणाऱ्या बाईंनी काकूंना सांगितलं होतं, की कायम डावीकडून बोला, डावीकडे बसा, डावीकडूनच घास द्या. त्यानं हळूहळू त्या बाजूचं भान येतं. काकूंनी ते व्रतासारखं धरलं. खाटेच्या डाव्या अंगाला पाट टाकून त्या दिवसभर बसायच्या आणि बोलायच्या. कमी बोलणारी ती बाई, पण पोफळीला सुपारीची किती शिपुटं लागली, कुणाकडे म्हैस व्याली, हेदवीच्या त्यांच्या माहेरी कोण येऊन गेलं, काहीही बोलत राहायच्या. डॉक्टर छपराकडे बघत असायचे. कधी मधेच उजवीकडे वळून मोठ्यानं हाक मारायचे, "अगं, कुठायस?" आणि काकू डावीकडून म्हणायच्या, "इथेच आहे." तरी ते उजवीकडेच शोधायचे.

एकदा विहिरीशी भेटल्या तेव्हा काकूंनी मला विचारलं, "त्या दिवशी मी लगेच ऐकलं असतं तर?"

मी म्हटलं, "सांगता येत नाही, काकू." ते खरंच होतं. पण खरं असून त्याचा त्यांना काही उपयोग नव्हता.

डॉक्टर पुढच्या गणपतींनंतर गेले. छातीत कफ धरला, तापाचं निमित्त झालं. अर्धांग झालेली माणसं पुष्कळदा अशीच जातात, हेही त्यांनीच मला शिकवलेलं. गावानं दुकानं बंद ठेवली. स्टँडवर कंडक्टर लोकांनी फोटो लावून हार घातला. फोटोत ते हसत नव्हते. या सगळ्याबद्दल मला फारसं काही वाटलं नाही. माझ्या लेखी ते त्याआधीच, आषाढातल्या एका दुपारी गेले होते.

त्या दुपारी बाहेर पाऊस कोसळत होता आणि ओपीडीत कुणी नव्हतं, म्हणून मी मागे गेले. काकू डाव्या बाजूला पाटावर बसून वाती वळत होत्या. डॉक्टर उशीला टेकून बसले होते. उजव्या हातानं त्यांनी डावा हात मांडीवर ओढून घेतला होता आणि त्याच्याकडे बघत होते. मी आत आले तरी त्यांनी वर बघितलं नाही.

"वैद्यबाई," ते म्हणाले, "त्या दिवशी गाडीत आणखी कुणी नव्हतं ना?"

मी खाटेपाशी आले.

"तो पेशंट मीच होतो."

"हो, सर."

त्यांनी डोळे मिटले. ते रडतील असं मला वाटलं, पण ते रडले नाहीत. एखादा अवघड कागद वाचताना ते असे थांबायचे तसे थांबले होते.

"घरच्यांना मी बोललो. उशीर केलात म्हणून."

"हो."

"ही होती गाडीत?"

मी काकूंकडे पाहिलं. काकूंचे वाती वळणारे हात थांबले होते.

"होत्या, सर."

मग डॉक्टर उजवीकडे वळले. तिकडे भिंत होती आणि एक रिकामी खुर्ची. त्या खुर्चीला ते म्हणाले, "तुझं काही चुकलं नाही. मीच ऐकत नव्हतो." त्यांनी उजवा हात पुढे करून हवेत चाचपला. "अगं, आहेस ना? कुठायस तू?"

इतके महिने काकूंनी व्यायामाच्या बाईंनी सांगितलेला नियम कधी मोडला नव्हता. त्या दिवशी त्या पाटावरून उठल्या, खाटेच्या पायथ्याशी वळसा घालून पलीकडे आल्या आणि त्या खुर्चीवर, त्यांच्या उजव्या हाताला लागून बसल्या.